वाचकांचे प्रश्न: वेल्समधले किल्ले नक्की कुणाचे?

गेल्या अंकात पन्हाळ्यावर लिहिलं होतं, जुलै २०२५ मध्ये आपला पन्हाळा आणि सोबतचे अकरा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले त्याबद्दल, आणि त्यात जाता जाता एक ओळ होती की वेल्समधले चार किल्ले याच यादीत १९८६ पासून आहेत. त्या एका ओळीवर एवढे प्रश्न येतील असं वाटलं नव्हतं. पत्रं आली, मेल आले, दोघातिघांनी तर व्हॉट्सॅपवर लांबलचक व्हॉइस मेसेज टाकले. सगळ्यांना उत्तर द्यायला जागा नाही म्हणून सहा प्रश्न निवडलेत. दोन वर्षांपूर्वी भाचा कार्डिफला शिकायला होता तेव्हा मी दहा दिवस तिकडं राहून आलो, त्यामुळं काही वाचलेलं काही डोळ्यांनी बघितलेलं असं मिसळून सांगतो.

वेल्स नकाशावर एवढंसं दिसतं, तिथं म्हणे सहाशेच्या वर किल्ले आहेत. मुलांना सांगितलं तर ती विश्वास ठेवत नाहीत. हा आकडा खरा का? (पन्हाळा तालुक्यातले एक शिक्षक)

सर, आकडा तोच सांगतात, पण त्यात काय काय धरलंय ते मुलांना आधी सांगा. आपला कोल्हापूर जिल्हा, सांगली आणि सिंधुदुर्ग एकत्र केले की साधारण वेल्सएवढा मुलूख होतो. तेवढ्यात सहाशे किल्ले म्हणजे प्रत्येक ठिकाणी पन्हाळा उभा आहे असं नाही, त्यातले पुष्कळसे आज नुसते मातीचे उंचवटे आहेत, वर गवत, मेंढ्या चरतायत, आणि शेजारून जाणाऱ्याला कळणारही नाही की हा किल्ला होता.

झालं असं की १०६६ ला नॉर्मन लोकांनी फ्रान्सकडून येऊन इंग्लंड जिंकलं. इंग्लंड एका दमात हाताला लागलं पण वेल्स नाही लागलं, कारण डोंगर, जंगल, पाऊस आणि तिथं एक राजा नव्हता, चार-पाच छोटी राज्यं होती, एकाला हरवलं की दुसरा उभाच. मग नॉर्मन राजानं सीमेवर आपले सरदार बसवले आणि त्यांना मोकळीक दिली की जेवढं घेता येईल तेवढं घ्या आणि राखा. आता राखायचं कसं, तर घाईनं मातीचा ढीग करायचा, वर लाकडी माडी, खाली कुंपण घातलेलं अंगण, भोवती चर. मजूर हाताशी असतील तर काही आठवड्यांत उभा. असे शेकड्यांनी झाले, काही जळले, काही सोडून दिले, आणि जिथं जम बसला तिथं पुढं दगडी बांधकाम आलं. कार्डिफ शहराच्या मधोमध असा ढीग अजून आहे, जुन्या रोमन किल्ल्याच्या चौकटीत, वर बाराव्या शतकातला दगडी कोट.

चेपस्टो मात्र सुरुवातीपासूनच दगडात बांधलेला, वाय नदीच्या कड्यावर, अकराव्या शतकातला. तिथं आत एका खोलीत किल्ल्याचे जुने दरवाजे ठेवलेत. बाराव्या शतकाच्या शेवटचं लाकूड, युरोपातले सगळ्यात जुने किल्ल्याचे दरवाजे म्हणतात, आणि १९६२ पर्यंत ते मुख्य दारातच लटकत होते. बाहेरच्या बाजूला लोखंडी पत्रे ठोकलेले आणि आतून लाकडाची आडवी-उभी जाळी, एकात एक खाचा घालून बसवलेली. मी त्या खाचांजवळ बराच वेळ उभा होतो. आमचे आजोबा सुतार, ते असते तर त्यांनी तिथून हलायला दोन तास घेतले असते.

तिथं शिवाजी महाराजांसारखा कुणी राजा होता का, आणि हे युनेस्कोवाले चार किल्ले त्याचेच का? (राजारामपुरीतला एक ट्रेकर)

भावा, तुझ्या प्रश्नाचा दुसरा भाग आधी घेतो, कारण सगळी गोम तिथंच आहे. नाही, ते चार किल्ले वेल्सच्या राजाचे नाहीत, ते वेल्सला दाबून ठेवायला इंग्लंडच्या राजानं बांधलेले आहेत. कॉनवी, कायर्नार्वन, हार्लेख आणि बोमारिस. आपल्याकडं गड म्हटलं की आपोआप आपला वाटतो, तिकडं तसं नाही, आणि हे डोक्यात न घेता तिकडं गेलं तर नुसतं फोटो काढून परत येणं होतं.

तेराव्या शतकात उत्तर वेल्समध्ये ग्विनेड नावाचं राज्य होतं. तिथला लुवेलिन, त्याला थोरला लुवेलिन म्हणतात, १२४० ला वारला. त्याचा नातू पण लुवेलिन, त्याला १२६७ मध्ये इंग्लंडच्या राजानं स्वतः प्रिन्स ऑफ वेल्स म्हणून मान्य केलं. यांचेही किल्ले होते, डोंगराच्या सोंडेवर, खडकाचा आकार जसा वळेल तसा तट वळवलेला, लहान, शिबंदी थोडी. डोलबादार्न, डोल्विडेलान, कास्टेल अ बेर. डोलबादार्नला गेलो तेव्हा पाऊस भुरभुरत होता, खाली तळं, मागं तिथला सगळ्यात उंच डोंगर आणि मधे एकच गोल बुरुज, आणि मला थेट भुदरगडाकडची आठवण आली. हे किल्ले आपल्या जातीचे आहेत.

मग इंग्लंडच्या गादीवर एडवर्ड पहिला आला. १२७७ ला पहिली स्वारी, १२८२ ला दुसरी. डिसेंबर १२८२ मध्ये लुवेलिन लढाईत मारला गेला, त्याचं डोकं लंडनला नेऊन टांगलं. भाऊ डेविड पुढच्या वर्षी सापडला, त्याला हालहाल करून मारलं. लुवेलिनची एकुलती एक मुलगी ग्वेनलियन, जन्मताच आई गेलेली, वर्षाचीच असेल, तिला उचलून इंग्लंडात एका मठात ठेवलं आणि ती तिथंच १३३७ ला वारली, चोपन्न वर्षं. आपल्याकडं येसूबाई आणि बाळ शाहू कैदेत होते ते आपण जीव मुठीत धरून वाचतो, पण शाहू १७०७ ला आणि येसूबाई १७१९ ला परत आल्या तरी. ही परत आलीच नाही.

आणि त्यानंतर किल्ले. कॉनवीची जागा कुठली निवडली माहितीय का, जिथं थोरल्या लुवेलिनला पुरलं होतं तो मठ. मठवासीयांना नदीच्या वरच्या अंगाला हलवलं आणि त्या जागेवर किल्ला आणि गाव बांधलं. गावाभोवती तट, सव्वा किलोमीटरच्या वर, एकवीस बुरुज, तीन वेशी, आणि तटाच्या आत राहायला इंग्लंडहून माणसं आणलेली, वेल्सच्या माणसाला आत घर नाही, व्यापार नाही. डोलबादार्नमधलं लाकूड काढून कायर्नार्वनच्या बांधकामाला नेलं. कायर्नार्वनचे बुरुज गोल नाहीत, कोनाकोनाचे आहेत, आणि भिंतीत रंगीत दगडाचे पट्टे फिरवलेत कॉन्स्टँटिनोपलच्या तटासारखे, कारण त्या गावाला जुन्या रोमन बादशहाच्या दंतकथा चिकटलेल्या होत्या आणि एडवर्डला दाखवायचं होतं की त्या कथेचा वारस आता मी. लोकांची जमीन घेतली, राजा मारला आणि गोष्टसुद्धा घेतली. मला तरी हे शेवटचं सगळ्यात जास्त लागलं.

आता तुझ्या प्रश्नाचा पहिला भाग. महाराजांसारखा असं म्हणणार नाही, तशी तुलना करायचीच नाही, पण ज्याचं नाव काढलं की तिथल्या माणसाचा आवाज बदलतो असा एक आहे, ओवाइन ग्लिन्डूर. सप्टेंबर १४०० मध्ये त्यानं उठाव केला. पुढच्या वर्षी, गुड फ्रायडेच्या दिवशी, त्याच्या दोन मावसभावांनी कॉनवी घेतला. कसा घेतला तर शिबंदी गेली होती चर्चमध्ये, आणि यांचा माणूस सुतार म्हणून नेहमीच्या कामाला आलोय असं सांगून आत शिरला, पहारेकरी दोनच होते, ते मारले आणि दार उघडलं. जेमतेम चाळीसजण होते. कोंडाजी फर्जंदानं १६७३ ला साठ मावळे घेऊन रातोरात पन्हाळा घेतला तो प्रसंग आपल्याला पाठ आहे, त्यामुळं हे ऐकून काहीतरी होतंच. फक्त कॉनवीचा शेवट वाईट आहे. दोन-तीन महिन्यांनी किल्ला परत द्यावा लागला आणि माफी मिळवायला आपलेच नऊ साथीदार राजाच्या हवाली करावे लागले, त्यांना फाशी झाली.

ग्लिन्डूरनं १४०४ मध्ये हार्लेख घेतला, तिथं दरबार भरवला, मखन्लेथ गावात पार्लमेंट बोलावली. १४०९ ला हार्लेख पडला, बायकामुलं लंडनच्या कैदेत गेली, पण तो स्वतः कधीच सापडला नाही. माफी देऊ केली तरी घ्यायला आला नाही. कुठं मेला, कुठं पुरला, कुणी दाखवलं नाही.

मी बांधकाम कॉन्ट्रॅक्टर आहे. सातशे वर्षांपूर्वी एवढं बांधकाम चार-पाच वर्षांत कसं काय उठवलं? माणसं किती, पैसा कुठला? (इचलकरंजीचे एक वाचक)

साहेब, तुमच्यासाठी एक कागद आहे जो वाचून तुम्हाला आपल्याच साइटची आठवण येईल. बोमारिसचं काम चालू असताना फेब्रुवारी १२९६ मध्ये मुख्य बांधकामप्रमुखानं राजाच्या खजिन्याला पत्र पाठवलं, ते जपून ठेवलेलं आहे. त्यात हिशोब दिलाय: ४०० गवंडी आणि पाथरवट, २००० बिगारी, खाणीत २०० माणसं, ३० लोहार, शिवाय सुतार, १०० छोट्या गाड्या, ६० मोठ्या, आणि दगड-कोळसा आणायला ३० होड्या. आठवड्याला २५० पौंड लागतात म्हणतो. आणि पुढं लिहितो की माणसांचे पगार थकलेत, त्यांच्याकडं खायला काही नाही, ती थांबवून ठेवणं जड जातंय, आणि शेवटी देवाच्यान पैसे लवकर पाठवा नाहीतर आजवर केलेलं सगळं वाया जाईल. पैसे पुरेसे आले नाहीत. बोमारिस आजही अर्धाच आहे, बुरुज ठरलेल्या उंचीला गेलेच नाहीत, आणि तरीही आखणी अशी की एकात एक दोन तट, भोवती पाण्याचा खंदक, दाराशी समुद्रातून येणाऱ्या होडीला धक्का, सपाट जमिनीवर इतकी नीट बसवलेली दुसरी आखणी मी बघितली नाही.

हा प्रमुख म्हणजे मास्टर जेम्स, सेंट जॉर्जचा, तो इंग्लंडचा नव्हे, आल्प्सच्या बाजूच्या सव्हॉयमधून आणलेला. रोज तीन शिलिंग पगार, त्या काळी गवंड्याला आठवडाभर राबून तेवढे मिळाले तरी पुष्कळ. पुढं त्याला हार्लेखचा किल्लेदारही केलं. रायगड बांधणाऱ्या हिरोजी इंदुलकरांनी मागून काय घेतलं तर जगदीश्वराच्या पायरीला नाव, सेवेचे ठायी तत्पर. दोघंही आपापल्या जागी मोठे, पण मला हिरोजींची पायरी आठवल्याशिवाय राहिली नाही.

परांचीचं सांगतो, हे तुम्हाला आवडेल. आपण परांची आडव्या थरांनी चढवतो, बरोबर, भिंतीत वासा घालायची भोकं एका ओळीत. हार्लेख आणि कॉनवीच्या काही बुरुजांवर ती भोकं तिरकी चढत जातात, बुरुजाला वेढा घालत, जिन्यासारखी. म्हणजे परांचीच उताराची केली होती, दगड डोक्यावर घेऊन किंवा ओढत माणूस सरळ वरपर्यंत चालत जाईल, प्रत्येक थराला उचलून द्यायची भानगड नाही. ही सव्हॉयकडची पद्धत, आणि अभ्यासकांनी त्या भोकांवरूनच माग काढला की कारागीर कुठून आले. मी कॉनवीत एका भोकात हात घातला, मनगटापर्यंत गेला, आत गार आणि ओलं.

माणसं मिळवली कशी तर हुकूम काढून. इंग्लंडच्या जिल्ह्याजिल्ह्याला फर्मान, इतके खणणारे, इतके सुतार पाठवा, आणि वाटेत पळून जाऊ नयेत म्हणून काही टोळ्यांबरोबर घोडेस्वार. रिदलानला तर किल्ल्यापर्यंत जहाज यावं म्हणून क्लूएड नदीचं पात्रच तीन-चार किलोमीटर खोदून सरळ केलं. पैसा इटलीतल्या लुका शहरातल्या सावकारांकडून कर्जानं. एकट्या कॉनवीला तटासकट १५,००० पौंडांच्या आसपास लागले. या स्वाऱ्यांनी आणि किल्ल्यांनी खजिना असा ओढला गेला की पुढच्या लढायांना पैसे उभे करताना राजाची दमछाक झाली.

किल्ल्यातले गोल जिने उजवीकडं वळत वर जातात, कारण खालून येणाऱ्या शत्रूचा तलवारीचा हात अडावा, असं यूट्यूबवर सांगतात. खरं आहे का? (इयत्ता नववी, गडहिंग्लज)

ऐकायला छान आहे, मीही बरीच वर्षं हेच सांगत होतो. पण मध्ययुगातल्या कुणी असं लिहून ठेवलेलं नाही, ही कल्पना विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पसरली. आणि कायर्नार्वनमध्ये उलट वळणारेही जिने आहेत, एकाच किल्ल्यात दोन्ही. विचार कर, शत्रू जिन्यापर्यंत पोचला म्हणजे किल्ला जवळजवळ गेलाच. खरी तयारी दाराशी असते, कायर्नार्वनच्या एका मुख्य दाराला पाच दरवाजे आणि वरून खाली सोडायच्या सहा जाळ्या ठरवल्या होत्या, वरच्या छतात भोकं, तिथून खाली काय वाटेल ते टाका. पन्हाळ्याच्या तीन दरवाजात उभी राहून बघ, दारामागं दार, मधे चौक, तीच कल्पना आहे.

आमचा भुदरगड, सामानगड इंग्रजांनी १८४४ च्या गडकऱ्यांच्या उठावानंतर मोडले. तिकडचे किल्ले कुणी मोडले? (गारगोटी)

त्यांच्याच लोकांनी. १६४० च्या दशकात इंग्लंडात राजा आणि पार्लमेंट यांचं युद्ध झालं, वेल्समधले बरेच किल्ले राजाच्या बाजूनं लढले. हार्लेख सगळ्यात शेवटी, मार्च १६४७ मध्ये शरण गेला. मग पार्लमेंटनं ठरवलं की परत कुणी आत बसून लढू नये, म्हणून बुरुजाखाली सुरुंग, तट पाडा. अॅबरिस्टविथ १६४९ ला उडवला, रॅग्लान, रिदलान, फ्लिंट, सगळ्यांची तीच गत. कॉनवीचं शिसं आणि लोखंड त्याच्या मालकानंच १६६५ च्या पुढं काढून विकायला नेलं, छप्परावरचं शिसं गेलं की पाऊस आत आणि मग लाकूड टिकत नाही.

पण तुमच्या प्रश्नात जी कळ आहे ती मला समजते. आमचे मोडले ते परक्यानं मोडले. तिकडं उलट, परक्यानं बांधलेल्यांतले मोठे अजून दिमाखात उभे आहेत आणि स्वतःच्या राजांचे पडलेत. २०१७ मध्ये फ्लिंट किल्ल्याजवळ एक मोठं लोखंडी कडं शिल्प म्हणून उभारायचं ठरलं होतं. एडवर्डच्या किल्ल्यांच्या साखळीला तिकडं लोखंडी कडंच म्हणतात, आमच्या गळ्यात घातलेला फास आम्हीच सजवून ठेवायचा का म्हणून हजारो लोकांनी सह्या केल्या आणि ते रद्द झालं. सातशे वर्षं झाली तरी. मला ते लोक बरोबर वाटले. त्याच वेळी हेही खरं की या किल्ल्यांची देखभाल आज वेल्सचंच सरकारी खातं करतं, त्याचं नाव कादू, वेल्श भाषेत अर्थ राखणं, आणि बांधकामाचा एक एक दगड ते जपतात. दोन्ही एकाच वेळी होऊ शकतं.

मुलगी कार्डिफला असते, जूनमध्ये जातेय. गुडघे दुखतात, दोनच दिवस मोकळे आहेत. काय बघू? (शाहूपुरीतल्या एक काकू)

काकू, पहिल्या दिवशी कायरफिली. कार्डिफहून लोकल ट्रेननं वीसेक मिनिटं आणि सगळं सपाटीवर. गिल्बर्ट डी क्लेअर म्हणून लाल केसांचा नॉर्मन सरदार होता, त्यानं १२६८ ला काढला, लुवेलिनच्या भीतीनं, आणि भोवती तळीच तळी करून ठेवली, रंकाळ्याच्या मधोमध किल्ला बांधावा तसं. वेल्समधला सगळ्यात मोठा. एक बुरुज भलताच कललाय, पिसाच्या मनोऱ्यापेक्षा जास्त, काठावरच्या बाकावर बसून निवांत बघा. त्याच बाजूला झाडीत कास्टेल कोख आहे, टोकदार छपरं, गोष्टीतल्यासारखा, पण तो १८७० च्या दशकात एका श्रीमंत मार्क्विसनं जुन्या पायावर हौसेनं बांधलेला आहे, वेळ उरला तरच जा. दुसऱ्या दिवशी चेपस्टो, ते दरवाजे. तिथं चढ आहे पण हळूहळू जमेल. छत्रीपेक्षा टोपीवालं जॅकेट घ्या, वारा छत्री टिकू देत नाही.

आणि मुलीला चार दिवसांची रजा मिळालीच तर उत्तरेला कॉनवीला जा, ट्रेननं चारेक तास लागतात. स्टेशन तटाच्या आतच आहे, बाहेर पडलं की जवळच चौकात खांबावर थोरल्या लुवेलिनचा पुतळा दिसेल. पुतळा इथं आहे, पण एडवर्डनं मठ हलवला तेव्हा त्याची दगडी शवपेटीही इथून हलली. ती आता तिथून थोड्या अंतरावर लानरूस्ट गावच्या चर्चमध्ये आहे, मुख्य मार्गाला फुटलेल्या लाइनची ट्रेन जाते. झाकण नाही, आत काही नाही, कडेला चार पानांची नक्षी कोरलेली. चर्च उघडं असेल तर आत जाऊन पाच मिनिटं बसा, गर्दी नसते.